लेकीला नवा गेम सुरू करायचाय, पण कॅसेटमध्ये माझी दहावीची सुट्टी आहे

पत्र :

ताई, मी तेहेतीस वर्षांचा आहे. जुळे सोलापुरात राहतो, अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत एका टॉवेल कारखान्यात हिशेब बघतो. दहावीच्या सुट्टीत मस्कतच्या मामानं मला गेमबॉय ॲडव्हान्स एसपी हे हातात धरून खेळायचं गेमचं यंत्र आणि पोकेमॉन फायररेड या गेमची कॅसेट आणून दिली होती. तेव्हाचं लोडशेडिंग तुम्हाला आठवत असेल. घर अंधारात आणि मी गच्चीवर तेवढ्या उजेडात खेळत बसायचो. शंभराहून जास्त तासांचा गेम आहे तो. पोकेमॉन म्हणजे पकडून, वाढवून लढवायचे प्राणी. माझा चारिझार्ड, ‘वाघ्या’ नावाचा आर्कनाईन, सगळे त्यात आहेत.

दिवाळीच्या साफसफाईत डबा सापडला. चार्जरला लावला तर चालू झाला! माझी लेक चौथीत आहे. तिनं बघितलं आणि म्हणाली, “पप्पा, मला पहिल्यापासून खेळायचंय.” आता या कॅसेटमध्ये एकच गेम सेव्ह होतो. तिचा सुरू करायचा तर माझा पुसायचा. माझ्या तोंडून निघून गेलं की बिघडलाय म्हणून, आणि मी तो कपाटात वर ठेवून दिला. बायको म्हणाली, “एवढ्याशा डबीपायी लेकराशी खोटं बोलालाव की.” तेव्हापासून चैन नाही. पुसू का? आणि खरं सांगायचं तर मलाही पहिल्यापासून खेळावंसं वाटतंय. हे पोरकट आहे का? नाव छापू नये ही विनंती.

– एक बाबा

उत्तर :

पोरकट अजिबात नाही. तुमच्या वयाची सोलापुरातली कितीतरी माणसं जुन्या पत्र्याच्या पेटीत क्रिकेटची कार्डं आणि कंपासपेटी जपून आहेत आणि त्यांना कुणी काही विचारत नाही. तुमची पेटी बॅटरीवर चालते, एवढाच काय तो फरक. पंधराव्या वर्षी शंभर तास मन लावून केलेली कुठलीही गोष्ट माणसाला जपावीशी वाटते, आणि वाटायलाच हवी.

पण आधी कपाटातून तो डबा खाली काढा, आजच. लेकीला सांगा की गेम बिघडलेला नाही, त्यात पप्पांचा जुना खेळ आहे, तो पुसायला जीव होईना म्हणून मी तसं बोललो. चौथीतल्या मुलीला हे नीट कळतं. तिच्याही दप्तरात आई टाकून देईल म्हणून लपवलेलं काहीतरी असतंच. तुमच्या बायकोचं म्हणणं बरोबर आहे आणि यावर मी जास्त काही लिहीत नाही, कारण तुमचं तुम्हाला ते कळलेलं आहे.

आता कॅसेटकडे वळू. पुसण्याआधी कळायला हव्यात अशा बऱ्याच गोष्टी आहेत आणि तुमच्या पत्रावरून वाटतं की त्या तुम्हाला कुणी सांगितलेल्या नाहीत.

एक तर, ‘न्यू गेम’ दाबल्या दाबल्या जुना गेम पुसला जात नाही. फायररेडमध्ये नवा गेम सुरू करून कितीही वेळ खेळता येतो. जुना जातो तो नव्यात पहिल्यांदा ‘सेव्ह’ करताना, आणि त्या वेळी गेम स्पष्ट इशारा देतो की आधीचा एक वेगळा खेळ आत आहे, आता सेव्ह केलंत तर त्यातलं सगळं कायमचं जाईल. त्याला ‘हो’ म्हटल्यावरच जुनं जातं. याचा अर्थ असा की एका रविवारी लेकीला ‘न्यू गेम’ लावून देता येईल. सेव्ह करायचं नाही, एवढी एकच अट. तिला आवडतंय का, की तासाभरात कंटाळून ती खाली सायकल घेऊन पळतेय, हे त्या दिवशीच समजेल. कंटाळली तर बंद करा, तुमचा खेळ होता तसा शिल्लक असेल. या प्रयोगाच्या वेळी चार्जर लावूनच ठेवा. एसपी नवा असताना दिवा लावून दहाएक तास चालायचा, पण इतक्या वर्षांच्या बॅटरीचा भरवसा धरू नका.

बॅटरीवरून आठवलं. मागच्या बाजूला एका स्क्रूचं छोटं झाकण आहे, ते उघडून बघा. बॅटरी फुगलेली दिसली तर पुन्हा चार्जिंगला लावू नका, नवी मिळते ती घाला. लेकीच्या हातात द्यायच्या आधी हे करायचं. आणि कॅसेट लागत नसेल तर आपण लहानपणी मारायचो तशी फुंकर मारू नका. तोंडातल्या ओलाव्यानं पट्ट्या खराब होतात. कानात घालायच्या कापसाच्या काडीला थोडं आयसोप्रोपिल अल्कोहोल लावून पुसा, वाळू द्या, मग घाला.

तुमचा गेम इतकी वर्षं टिकला कसा, याचंही उत्तर आहे. १९९६ साली जपानमध्ये आलेले पहिले पोकेमॉन गेम आणि त्यानंतरचे गोल्ड, सिल्व्हर यांच्या कॅसेटमध्ये बटणासारखा छोटा सेल असायचा आणि सेव्ह त्या सेलवर जिवंत राहायचा. सेल संपला की खेळ गेला. २००४ सालच्या फायररेडमध्ये सेव्ह फ्लॅश मेमरीत जातो, त्याला सेल लागत नाही. हे अर्थात अस्सल कॅसेटचं झालं. नकली कॅसेटी तेव्हाही भरपूर होत्या, आखातातल्या बाजारातही आणि आपल्याकडेही, आणि त्यांतल्या पुष्कळशा सेलवरच चालतात. कॅसेटच्या खालच्या फटीत, सोनेरी पट्ट्यांच्या वर बारीक अक्षरांत कंपनीचं नाव छापलेलं दिसतंय का बघा. दिसलं नाही तर तुमची सेव्ह कुणी न पुसताही एखाद्या दिवशी आपोआप जाऊ शकते. मग पुढची गोष्ट लांबवू नका.

ती म्हणजे सेव्हची प्रत काढणं. गेमबॉयच्या कॅसेटी वाचणारी छोटी यंत्रं मिळतात. ती यूएसबीनं कॉम्प्युटरला जोडायची, कॅसेट खोचायची, आणि तुमचा सगळा खेळ १२८ किलोबाइटच्या एका फाईलमध्ये उतरतो. मोबाईलवर लग्नाचा एक फोटो काढलात तरी याच्या कितीतरी पट जागा खातो! हीच फाईल पुढे कधीही त्याच कॅसेटमध्ये परत घालता येते. म्हणजे “तिचा सुरू करायचा तर माझा पुसायचा” ही तुमची अडचण निम्मी तरी सुटली. यंत्र ऑनलाइन मागवावं लागेल. आसरा चौकातल्या मोबाईलवाल्याकडे ते मिळेल असं मला वाटत नाही. मागवलंत तर मिळेपर्यंत काही दिवस जातील, ते जाऊ द्या. पण आज बघू, पुढच्या महिन्यात बघू असं करत चौथीची पोर सहावीत जाईल, तसं होऊ देऊ नका. मनाशी एक तारीख धरा. तोपर्यंत प्रत निघाली तर उत्तम. नाही निघाली तर जुन्या खेळाचे फोटो काढा : ट्रेनर कार्ड म्हणजे खेळाडूचं ओळखपत्र, सोबतच्या सहाही पोकेमॉनची पानं, पोकेमॉन सेंटरमधल्या पीसीतलं हॉल ऑफ फेम, म्हणजे जिंकलेल्या संघाची नोंद. तेवढ्यावर भागवा.

आणखी एक वाट जाणकार सांगतील : जुने पोकेमॉन दुसऱ्या कॅसेटमध्ये अदलाबदलीनं पाठवून द्या, किंवा डीएस या नंतरच्या यंत्रावर डायमंड-पर्ल या गेममधल्या पाल पार्कमध्ये हलवा. दोन्ही होतं. पण पाल पार्कचा रस्ता एकतर्फी आहे, एकदा गेलेले फायररेडमध्ये परत येत नाहीत, आणि त्यासाठी जुना डीएस किंवा डीएस लाईटच लागतो. तुमच्याकडे यातलं काही नसेल तर या खटाटोपात पडू नका.

जुने पोकेमॉन लेकीच्या नव्या खेळात आणून देण्याचा मोह मात्र टाळा. लेव्हल शंभरचा चारिझार्ड तिला पहिल्याच दिवशी देणं म्हणजे माया वाटेल, पण तो तिचं ऐकणारच नाही. दुसऱ्याचा वरच्या लेव्हलचा पोकेमॉन बॅज मिळाल्याशिवाय आज्ञा पाळत नाही, आणि बॅज मिळतात ते गेममधल्या एकेका जिमच्या म्होरक्याला हरवून : दुसऱ्या बॅजला लेव्हल ३० पर्यंतचे, चौथ्याला ५० पर्यंतचे, सहाव्याला ७० पर्यंतचे, आणि आठवा मिळाल्यावर सगळे. तोवर तुमचा वाघ्या तिच्यासमोर जांभया देत बसेल आणि पोरगी हिरमुसेल.

नवा खेळ लावण्याआधी एक संध्याकाळ जुन्यासाठी ठेवा, आणि ती लेकीसोबत घालवा. ‘कंटिन्यू’ दाबलंत की फायररेड एक सुंदर गोष्ट करतो, जी त्याच्या आधीच्या गेममध्ये नव्हती : तुम्ही शेवटी काय काय करत होतात, याचे प्रसंग रंग उडालेल्या चित्रांत एकामागोमाग दाखवतो आणि मगच खेळ हातात देतो. मोठी सुट्टी घेऊन परतलेल्या खेळाडूला आपण कुठे होतो ते आठवावं, म्हणून ती सोय आहे. बी दाबून ते कापू नका, तिला बघू द्या. पंधरा वर्षांचा मुलगा शेवटच्या दिवशी कुठे हिंडत होता ते तुम्हीही विसरला असाल. मग तिला पीसीतले बॉक्स, म्हणजे पकडलेले पोकेमॉन ठेवायच्या पेट्या, दाखवा. कुणाला काय नाव का दिलं ते सांगा. फसलेले बेतही सांगा. तुमच्या बॉक्समध्ये हाँटर नावाचा एखादा पोकेमॉन नक्की पडून असेल. तो वाढून गेंगार होतो फक्त अदलाबदल केल्यावर, आणि अदलाबदलीला दुसरा गेमबॉय, दुसरी कॅसेट आणि मधली केबल लागते. २००८ साली सोलापुरात ज्या मुलाकडे हे यंत्र होतं, त्याच्या गल्लीत दुसरं कुणाकडे असण्याची शक्यता फार कमी. आपण सगळे २००३ पासून कार्टून नेटवर्कवर हिंदीतून पोकेमॉन बघत होतो, पण हातात गेम होता तो कुणाचातरी मामा किंवा आत्या परदेशात असली तरच. तुमची सुट्टी मजेत गेली, पण ती एकट्याची होती. लेकीची तशी असण्याची गरज नाही, आणि मला वाटतं तुमच्या प्रश्नाचं खरं उत्तर इथेच आहे.

तुम्ही लिहिलंत की तुम्हालाही पहिल्यापासून खेळावंसं वाटतंय. मी जरा स्पष्ट बोलते. ती सुट्टी तुम्हाला परत मिळणार नाही. तोच चारमँडर, म्हणजे तुमच्या चारिझार्डचं पिल्लू, घेऊन, त्याच क्रमानं, तेच नाव देऊन खेळलात तरी चौथ्या दिवशी तुम्ही कारखान्याच्या जीएसटीचा विचार करत बसाल. नकाशा तुम्हाला पाठ आहे. कुठल्या गुहेत काय आहे हे माहीत असलेल्या माणसाला नवा खेळ नवा लागत नाही. तो नवा लागणार आहे तुमच्या लेकीला, आणि ते शेजारी बसून बघायला मिळणं हे पुन्हा स्वतः खेळण्यापेक्षा जास्त आहे. म्हणून माझं सांगणं : ही कॅसेट तिला द्या. पूर्ण द्या. सोमवारी ती, मंगळवारी पप्पा, असं काही करू नका. एका खेळाचा एकच मालक असावा.

शेजारी बसणं मात्र शिकावं लागतं. तुम्ही बोटं दाखवायला लागाल. “हे घे, ते घेऊ नकोस, चारमँडर घेतलास तर ब्रॉक जड जाईल.” जाईल, खरंच जाईल. ब्रॉक हा पहिल्या जिमचा म्होरक्या, त्याच्याकडे लेव्हल १२ चा जिओड्यूड आणि १४ चा ऑनिक्स, दोघेही दगडाचे, आणि आगीला दगडापुढे काही सुचत नाही. सुरुवातीला निवडायच्या तिघांपैकी बल्बसॉर किंवा स्क्वर्टल घेतला तर तो जिम चुटकीसरशी होतो. पण तिला शेपटीला ज्योत असलेला आवडला तर तोच घेऊ द्या आणि हरू द्या. हरल्यावर तीच म्हणेल, आता काय करायचं? उत्तरं तुमच्याकडे असू द्यात, तिनं विचारेपर्यंत खिशात : रस्ता क्रमांक २२ वर मँकी भेटतो, त्याच्या लाथा दगडाला लागतात. व्हिरिडियनच्या जंगलातली केटरपी सांभाळली तर लेव्हल १० ला तिची बटरफ्री होते आणि कन्फ्युजन शिकते. चारमँडर स्वतः १३ ला मेटल क्लॉ शिकतो. यातलं एक तरी ती स्वतः शोधून काढेल. तुम्हीही तेव्हा असंच काहीतरी शोधलं होतं ना? कुणी सांगायला नव्हतं म्हणून तर तुम्हाला ते अजून आठवतंय.

सुरुवात संथ आहे, तिथे धीर धरा. गेममधल्या प्रोफेसर ओकचं पार्सल आणायला मागे-पुढे चालावं लागतं, पळायचे बूट तर ब्रॉकला हरवल्यावर मिळतात. तुम्हाला कंटाळा येईल, तिला येणार नाही.

आता भाषेचं. गेम इंग्रजीत आहे आणि त्यात वाचायला पुष्कळ आहे. लेक मराठी शाळेत असेल तर सुरुवातीला अडखळेल. यावर माझ्याकडे एकच उपाय आहे आणि तो मला फार आवडतो : वाचून दाखवा, पण आपल्या बोलीत. प्रोफेसर ओक तुमच्या तोंडून सोलापुरी बोलू दे. वाटेत अडवणारा प्रत्येक ट्रेनर, आजोबा, मासे पकडणारा गडी, ज्याला जशी शोभेल तशी भाषा द्या. आपल्या गावात एका चौकात मराठी, कानडी, तेलुगू आणि दखनी ऐकू येते, तुम्हाला आवाज कमी पडणार नाहीत. महिन्याभरात ‘सुपर इफेक्टिव्ह’ आणि ‘फेंटेड’ ती तुमच्याआधी वाचायला लागेल. मग तुम्ही गप्प बसा आणि तिला वाचू द्या.

अगदी सुरुवातीला गेम विचारतो, तू मुलगा की मुलगी? १९९६ च्या मूळ गेममध्ये हा प्रश्नच नव्हता, खेळाडू मुलगाच असायचा. मुलगी होऊन खेळायची सोय २००० सालच्या क्रिस्टल या गेमपासून आली. तुमच्या लेकीला ते उत्तर स्वतः देता येईल. नावाला इंग्रजी सात अक्षरं मिळतात, सोलापूर त्यात बरोबर बसतं, हवं असेल तर. प्रतिस्पर्ध्याचं नावही आपणच ठेवायचं असतं. तिनं तिथे तुमचं नाव घातलं तर मोठ्या मनानं हरत राहा.

आणि आता तो क्षण, ज्याची तुम्हाला भीती आहे. रविवारचा प्रयोग झाला, तिला गेम आवडला, प्रत काढून झाली किंवा फोटो काढून झाले. ती म्हणाली, पप्पा, सेव्ह करायचंय. गेमचा इशारा पडद्यावर आला. ते ‘हो’ तुम्ही दाबा, तिला दाबायला लावू नका. आज तिला काही वाटणार नाही, पण मोठी झाल्यावर कधीतरी तिला उमगेल की आपल्या बोटानं पप्पांची सुट्टी पुसली. ते ओझं तिचं नाही. तुम्ही दाबलंत तर तुम्ही दिलंत असं होतं. दाबताना डोळ्यांत पाणी आलं तर येऊ द्या, तिच्यापासून लपवायला पुन्हा खोटं बोलू नका. सेव्ह होत असताना यंत्र बंद करायचं नाही आणि कॅसेट ओढायची नाही, हे मात्र तिला त्याच वेळी शिकवा.

तुमची खेळायची हौस उरलीच असेल, तर त्या हौसेलाही जागा आहे. फायररेडचा जोडीदार लीफग्रीन. गोष्ट तीच, पण काही पोकेमॉन एकात मिळतात तर काही दुसऱ्यात. तुमच्या वाघ्याचं पिल्लू, ग्राउलिथ, फक्त फायररेडमध्ये भेटतं, तर व्हल्पिक्स आणि सँडश्रू फक्त लीफग्रीनमध्ये. म्हणजे सगळं जमवायचं तर तिला तुमची गरज लागेल आणि तुम्हाला तिची. हे दोन गेम नवे असताना खोक्यात एक वायरलेस अडॅप्टरही द्यायचे, मामानं आणलेलं खोकं जपलं असेल तर त्यात बघा. नसला तर साधी लिंक केबल चालते. पण दुसरा एसपी आणि लीफग्रीन आत्ता मागवू नका. लेकीला दोन-तीन बॅज मिळू द्या, तिचा पाय घट्ट रोवू द्या. तुम्ही आत्ताच बरोबरीनं सुरू केलंत तर आठवड्यात तिच्या पुढे निघून जाल आणि ती खेळायचं सोडेल.

आणि घेताना कॅसेट जुन्या बाजारातली असणार, नकली निघण्याची शक्यता मोठी. विकणारा ओळखीचा असो वा नसो, आधी कॅसेट घालून खेळ सुरू करा, सेव्ह करा, यंत्र बंद करा, कॅसेट काढून ठेवा आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा घालून बघा. सेव्ह जागेवर असेल तरच पैसे द्या.